औरंगपुऱ्याच्या पेटीचं तोंड

मित्रांनो, मी औरंगपुऱ्यातल्या कोपऱ्यावरची जुनी टपालपेटी. रंगाने लाल, अंगाने लोखंडी आणि स्वभावाने जरा तिरसट. माझी कीव करायची असेल, तर खुशाल पुढे चालू लागा.

भट्टीतून निघाले तेव्हा कारागिराने हातोडीने ठोकून माझा आवाज पारखला होता. त्यानंतर लग्नपत्रिका, नोकरीचे अर्ज, वैजापूरच्या कांद्याचे भाव, रुसव्याफुगव्याची पत्रं, सगळं मी पोटात ठेवलं. दिवाळीत तर पाकिटं माझ्या तोंडातून बाहेर डोकवायची. हल्ली लोक मला टेकून मोबाईल बघतात. बघोत बापडे.

गेल्या आठवड्यात पोस्टमन बन्सी सांगत होता, की सोमवारी साहेब तपासणीला येणार आणि पेटी रिकामी निघाली तर उपटून नेणार. शेजारच्या मोबाईलवाल्या सुदर्शनला दुकानापुढे जागा हवीच होती. त्याने सेलचा बॅनर असा ताणून बांधला, की माझं तोंडच बंद झालं. असा संताप झाला माझा!

सोमवारी सकाळी जाहेदा आली. ती कपडे शिवते, आणि दर सोमवारी मुलाला पत्र टाकते. मुलगा मोईन दुबईत आहे, असं तिने गल्लीत सांगून ठेवलेलं. मी मात्र पाकिटावरचा पत्ता दर सोमवारी वाचणारी. सुदर्शन म्हणाला, पत्र कशाला, व्हॉट्सअ‍ॅप करून देतो.

जाहेदा सगळ्यांदेखत म्हणाली, "बेटा, माझा मोईन तुरुंगात हाय. तिथं तुझा मोबाईल जात नाय. कागद जातो. तो उशाखाली घेऊन झोपतो."

तिने पिशवीतून कात्री काढली, बॅनरवरच्या चकचकीत मोबाईलच्या चित्रातच आडवी चीर दिली आणि पत्र आत सोडलं. सुदर्शन तिला अडवू शकला नाही. शाळेत मोईन त्याच्याच बाकावर बसायचा.

साहेब आले. बन्सीने किल्ली लावली. एका पत्रासाठी पेटी ठेवायची का, असं साहेबांनी विचारलं.

"एक हाय ना साहेब," बन्सी म्हणाला. "मग रिकामी कशी?"

माझं दार लावायला सांगून साहेब गेले. पुन्हा येतील म्हणे.

मित्रांनो, मला हारतुरे नकोत. पत्र टाका, नका टाकू, तुमची मर्जी. पण ज्याच्यापर्यंत दुसरं काहीच पोचत नाही, त्याची वाट बुजवू नका.

बॅनर काल उतरला. उतरवणाऱ्याने जाता जाता माझ्या तोंडात एक पाकीट टाकलं. वर मोईनचा पत्ता, मागे सुदर्शनचं नाव. मोबाईल विकणाऱ्याच्या हातचं पत्र माझ्या पोटात आहे. आता या मला उपटायला.