पंखा बंद करणारी रेवा

रेवा घरात शिरली की आधी पंखा मरायचा. त्याचा आवाज रेकॉर्डिंगमध्ये येतो म्हणून ती आल्या आल्या बटण बंद करायची, मग ओठांवर बोट ठेवायची; आणि वरसे गावातली आमची खोली, रोह्याच्या कारखान्यांकडून येणारा सडक्या बदामासारखा वास अंगावर घेत, वैशाखाच्या घामाने निथळत गप्प व्हायची.

मुलांनो, ही माहितीपट करणारी मुलगी आमच्या इमारतीत वर्षभर येत होती. सावलीसारखी नव्हे, सावली निदान सूर्याबरोबर मावळते. ही दुपारच्या उन्हासारखी प्रत्येक फटीतून आत यायची, कुणाच्या ताटात काय आहे, कुणाच्या छातीत काय घरघरतं, ते काचेच्या डोळ्याने टिपत राहायची. आवाज मधाळ, पावलं मांजरीची. मला ती 'आजी' म्हणायची. तो हक्क मी तुम्हा दोघांखेरीज कुणालाही दिलेला नाही, असं तिला बजावलं, तर ती गोड हसली आणि माझा रागही चित्रित करून गेली.

समोरची वंदना ठेकेदारामार्फत कंपनीत पॅकिंगला जायची. नवरा नाही, घर तिच्या शिफ्टवर चालायचं. त्या वासाबद्दल, लेकीच्या खोकल्याबद्दल ती कॅमेऱ्यापुढे मोकळेपणाने बोलली आणि मग घाबरली.

"ताई, माझं तोंड नको हां दाखवू. ठेकेदार परत बोलवायचा नाय."

"नाही दाखवत गं. काळोखात ठेवते तुला."

"काळोखात ठेव नायतर उजेडात, माझी भाकरी तेवढी ठेव!"

रेवाने शब्द पाळला. गच्चीवर पडदा लावून फिल्म दाखवली, तेव्हा वंदनाच्या जागी खिडकीपाशी एक काळी आकृती बसली होती. कडेने उन्हाची सोनेरी रेघ. "व्हय, खिडकी लावली तरी येतोच वास," आकृती म्हणाली, आणि मागून कुणीतरी ओरडलं, "अगो, ही तर आपली वंदना!" सगळी गच्ची हसली. वंदनाही हसली, मग पदराने तोंड पुसत उठून गेली. वर्षभर आमचे पंखे बंद करणाऱ्या त्या हुशार मुलीला, आवाजालाही चेहरा असतो, एवढं कळू नये?

गच्चीवरची गोष्ट ठेकेदाराच्या कानावर गेली असणार; पुढच्या सोमवारी वंदनाला त्याचा फोन आला नाही. त्यानंतरही नाही. मी रेवाला फोन करून म्हटलं, वंदनाचा आवाज तरी बदल. "आजी, फिल्म महोत्सवांना गेली, आता बदलता येत नाही," ती हळुवारपणे म्हणाली. त्या हळुवारपणाचा मला अजून संताप येतो.

फिल्म तुमच्या शहरातही येणार आहे म्हणे. ती सुंदर आहे, खरीही आहे. म्हणूनच मी तिला क्षमा करू शकत नाही. पाहायला गेलात तर शेवटी ती काळी आकृती लगबगीने उठते, तिथे लक्ष द्या. "चला, शिफ्टला उशीर होतोय," ती म्हणते. दूरदेशीच्या अंधाऱ्या सभागृहांत वंदना पुन्हा पुन्हा अशी कामावर निघेल, आणि इथे त्याच वेळी ती दारात बसून कंपनीची बस जाताना ऐकेल; अनोळखी माणसांची स्मृती तिची ती सकाळ जपून ठेवील, पण ती सकाळ आता तिची राहिलेली नाही.