रजज, समहाची हाक

खजुरांच्या थाळीला टेकवून ठेवलेला मोबाइल.

गाताना मधेच येणारा माझा खोकला.

माझी सांडणी समहा उठते तेव्हा तिच्या मागच्या पायांना सुटणारा कंप.

वाळूत काठीने ओढलेली रेघ.

रमजानमध्ये हिलाल आला. माझ्या भावाचा मुलगा, मस्कतला कविता शिकतो. म्हणाला, "आत्या, तू समहाला उठवताना गातेस ना, त्या वृत्ताचं नाव रजज."

"वृत्त कसलं रे? हाक आहे ती."

"रजज म्हणजे उंटाचा रोग. उठताना मागचे पाय कापतात, थांबतात, परत कापतात. ओळही तशीच चालते. जुने जाणकार म्हणतात, वृत्ताला नाव त्यावरूनच पडलं."

मला हसू आलं. समहाला तोच रोग. म्हणून तर मी ओळीच्या मध्यावर थांबते. तेवढ्यात ती पाय गोळा करते.

"गा ना आत्या. परीक्षेला हवंय."

मोबाइलसमोर गायले. तो म्हणेल तितक्यांदा.

ईद झाली आणि माझा भाऊ मुसल्लम, हिलालचा बाप, टोळीच्या शेखांकडे तक्रार घेऊन गेला. समहाची आई त्याच्या कळपातली, म्हणून समहाही त्याची म्हणे.

मीच म्हणाले, "वाद कशाला? ज्याच्या हाकेवर उठेल, त्याची." आमच्यात असंच ठरवतात. आणि मुसल्लमने जन्मात कधी तोंडातून सूर काढला नव्हता.

शेखांनी रेघ ओढली. मध्यावर समहा बसलेली, दोन टोकांना आम्ही दोघं.

आधी मी. सगळा तळ बघत होता. माझा आवाज चढला, थांबायचं राहून गेलं. समहाचे पाय लटपटले. ती परत बसली.

मग मुसल्लम. ओळ उचलली, मध्यावर थांबला. आणि खोकला. माझ्यासारखा, माझ्याच जागी.

समहा उठली. कापत कापत त्याच्याकडे गेली.

"वा रे वा! खोकलासुद्धा सोडला नाहीस?"

"मला काय विचारतेस, ताई? तिला विचार." लोक हसले.

हिलाल बापाच्या मागे उभा होता, मोबाइल मुठीत धरून.

"काय रे," मी म्हटलं, "झालास का पास?"

त्याने मोबाइल खिशात सरकवला. मुसल्लमने समहाच्या गळ्यातली मी विणलेली दोरी सोडली, वाळूत टाकली आणि स्वतःची बांधली.

समहा जन्मली त्या थंडीत मुसल्लम मस्कतला राहत होता. तिला पहिल्यांदा पायांवर उभी केली ती मी, याच हाकेने.