दोनशे चाळीस ओळींची घडी

मी एक जुना तक्ता आहे, आणि माझी अर्धी बाजू दहा वर्षे कुणी पाहिली नाही.

मित्रांनो, तुमच्याही घरात माझा एखादा भाऊबंद असेल. घरासाठी कर्ज घेतले की बँक असा तक्ता छापून देते. मला आठ पाने आहेत, प्रत्येक पानावर तीस ओळी. दर महिन्याची एक ओळ, म्हणजे वीस वर्षांच्या दोनशे चाळीस. ओळीत डावीकडे तारीख आणि हप्ता. उजवीकडे तीन रकाने: त्या हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, आणि अजून शिल्लक किती. मुद्दल म्हणजे उसने घेतलेले मूळ पैसे. व्याज म्हणजे ते पैसे वापरू दिल्याचे भाडे.

माझ्या मधोमध एक घडी पडली. त्यामुळे माझी गोष्ट मला सरळ सांगता येत नाही. आधी डावीकडून सांगतो, मग उजवीकडून.

डावी बाजू

ओळ १.

भुसावळच्या एका बँकेत माझा जन्म झाला. यंत्रातून बाहेर आलो तेव्हा मी गरम होतो. धनसिंग पाटलांनी मला दोन्ही हातांनी उचलले. ते मूळचे अमळनेरकडचे, दीपनगरच्या वीज केंद्रात ऑपरेटर. इतकी वर्षे कॉलनीच्या क्वार्टरमध्ये राहिलेल्या या माणसाने भुसावळच्या कडेला पंचवीस लाखांचे घर घेतले होते. पाच लाख साठवलेले, वीस लाख बँकेचे. महिन्याचा हप्ता सतरा हजार तीनशे छप्पन्न.

घरी आल्यावर त्यांनी मला लोखंडी कपाटाच्या दाराला आतून चिकटवायला घेतले. दार अरुंद, मी रुंद. धनसिंगांनी क्षणभर विचार केला आणि माझी उजवी बाजू मागे दुमडली. मग मी बरोबर बसलो.

"कामनं तितलं दिसस," ते पत्नीला म्हणाले. कामापुरते दिसले की त्यांना पुरे होते. दीपमालाबाईंनी हळदीकुंकवाचे बोट माझ्या कोपऱ्याला लावले.

ओळ २ ते ८०.

बरोबर. बरोबर. बरोबर.

धनसिंगांना कामावर तासातासाला मीटरचे आकडे वहीत नोंदवून त्यापुढे खूण करायची सवय. तीच सवय त्यांनी माझ्यावर लावली. दर महिन्याच्या पाच तारखेला लाल पेनाने एक बरोबरची खूण. एकही चुकली नाही. पाहुणे आले की कपाट उघडून मला दाखवत. "शेवटची ओळ पाहा," म्हणत, "ऑगस्ट दोन हजार पस्तीस. मी रिटायर होणार ऑक्टोबरमध्ये. दोन महिने आधी बँक मोकळी, मी मोकळा."

लोक मान हलवत. मला अभिमान वाटे. माझ्यावर एका माणसाचे म्हातारपण टांगले होते.

पहिले पान खुणांनी भरले तेव्हा दीपमालाबाईंनी ते काढून स्वयंपाकघरातल्या फळीवर डब्यांखाली अंथरले. पुढे दुसरे. पुढे तिसरे. काम झालेले कागद. मला वाईट वाटले नाही. मसाल्याच्या वासात निवृत्ती मिळाली म्हणायची.

ओळ ८१.

धनसिंगांच्या मोबाइलवर बँकेचा संदेश आला. त्यांनी चष्मा लावून मोठ्याने वाचला: "व्याजदरात सव्वा टक्का वाढ. आपला मासिक हप्ता आहे तोच राहील."

"सव्वा टक्काच शे," ते हसून म्हणाले. "सव्वा तं शुभ राहस."

खानदेशात श्रावणातल्या एका रविवारी घरोघरी कानबाई देवी बसते. तिच्या रोटांच्या नैवेद्यासाठी गहू मोजतात ते सव्वाच्या मापाने. सव्वा म्हणजे भरलेपणा, बरकत. धनसिंगांनी फोन खिशात ठेवला आणि लाल खूण केली.

ओळ १२०.

माझ्या चौथ्या पानाची शेवटची ओळ. दोनशे चाळीसची बरोबर निम्मी. धनसिंगांनी पेढे आणले. कानबाईसाठी अमळनेरहून त्यांच्या मोठ्या बहीण बेबाबाई आल्या होत्या. त्यांच्या हातावर पेढा ठेवत ते म्हणाले, "अक्का, अर्धं कर्ज फिटी गयं."

आणि दुसरी बातमी सांगितली. मुलगी हेमांगी बारावीला, तिला अभ्यासाला जागा नाही. म्हणून वर एक खोली काढायची. बँक याच कर्जावर आणखी आठ लाख द्यायला तयार आहे. अर्धे फिटलेच आहे, मग काय अवघड? मंगळवारी सही.

डावी बाजू इथे संपते. मित्रांनो, हिच्यात एकही आकडा खोटा नाही.

घडी

कानबाई बसायच्या आदल्या दिवशी घर धुवून काढतात. दीपमालाबाईंनी फळीवरचे डबे खाली उतरवले. डब्यांखाली माझे पहिले पान होते. फळी रुंद असल्यामुळे तिथे मात्र मला कुणी दुमडले नव्हते. मी वर्षानुवर्षे पूर्ण उलगडून पडलो होतो, फक्त माझ्यावर धण्याचा आणि तिखटाचा डबा होता.

त्यांनी मला झटकले. फेकायला म्हणून उचलले. आणि थांबल्या.

शेजारी पाटावर गहू निवडत बसलेल्या बेबाबाईंनी तेवढ्यात बाहेर भावाला हाक मारून सहज विचारले, "भाऊ, बठ्ठं मिळीसन कितलामा पडनं हाई घर?"

"पंचवीस लाखमा, अक्का."

"तो तं इकणारना भाव. तुले कितलामा पडनं?"

धनसिंग हसले. सगळे धरून घर कितीला पडले, हे त्यांना आजवर कुणी विचारलेच नव्हते.

उजवी बाजू

ओळ १.

हप्ता १७,३५६. व्याज १४,१६७. मुद्दल ३,१८९.

दीपमालाबाईंनी ओल्या हाताने मला बाहेर आणले. तिखटाचा डाग व्याजाच्या रकान्यावर होता, तरी आकडा दिसत होता.

"हाई दखा," त्या म्हणाल्या. "पहिला हप्तामा चौदा हजार व्याज. घरना वाटे तीनच हजार."

"पहिला हप्ता तसाच राहस."

"आणि एकशेवीसवा?"

धनसिंगांनी कपाटाकडे पाहिले. हेमांगी उठली, कपाट उघडले, आणि चौथ्या पानाची घडी नखाने हळूच सोडवली. दहा वर्षे दबलेला कागद. करकर आवाज झाला. घडीवर मी थोडा फाटलोही.

ओळ १२०, पुन्हा.

शिल्लक: चौदा लाखांना थोडे कमी.

हेमांगीने एकदा वाचले, मग बोट ठेवून परत वाचले. नंतर तिने मोबाइलवर गुणाकार केला. एकशेवीस हप्ते, म्हणजे जवळपास एकवीस लाख भरून झाले होते. वीस लाख घेतले, एकवीस भरले, आणि चौदा देणे बाकी. फिटले होते ते सहा लाख.

"पप्पा, अर्धं मुद्दल एकशे सहासष्टाव्या ओळीला फिटतं," तिने सहाव्या पानावर शोधून सांगितले. "आणि एकशे बेचाळीसपर्यंत प्रत्येक हप्त्यात व्याजच जास्त आहे."

मित्रांनो, यात फसवणूक कुणाचीच नव्हती. सुरुवातीला उसने पैसे जास्त, म्हणून त्यांचे भाडे जास्त. हप्त्यातून आधी भाडे वजा होते, उरेल ते घराच्या नावाने पडते. हे सगळे माझ्यावर पहिल्या दिवसापासून छापलेले होते. मी बोलू शकत नाही, एवढीच माझी चूक. तरी चूक आहेच.

धनसिंग खुर्चीवर बसले. माझ्या लाल खुणांवरून त्यांनी अंगठा फिरवला.

"मी दहा वरीस नुसत्या खुणा करी ऱ्हायंतू," ते म्हणाले.

"प्लांटमा बी असंच करतस का?" बेबाबाईंनी विचारले. "मंग लाइट जास त्यानं नवल नही."

हेमांगी फसकन हसली. धनसिंगही हसले, पण पेढ्यांचा खोका त्यांनी झाकून ठेवला.

कानबाई बसली. दीपमालाबाईंनी सव्वाच्या मापाने गहू मोजले होते. माप जितक्या वेळा भरले, तितक्या वेळा वरचा पाव पडला. मोजताना त्या "सव्वा" असे पुटपुटत मध्येच थांबल्या होत्या, ते मी पाहिले. सोमवारी वाजतगाजत कानबाईची पाठवणी झाली. मंगळवारी तिघे बँकेत गेले. मला सोबत नेले, आठही पाने, धण्याच्या वासासकट.

ओळ ८१, पुन्हा.

कर्जाच्या टेबलावर रुची नावाच्या तरुण अधिकारी होत्या. आठ लाखांचे कागद त्यांनी तयार ठेवले होते. धनसिंगांनी ते बाजूला सारले आणि मला पुढे केले.

"मॅडम, आमचे एकशेवीस हप्ते उरले. शिल्लक चौदा लाख. बरोबर ना?"

रुची मॅडमनी स्क्रीन पाहिली. मग मला पाहिले, जरा जपूनच.

"काका, हा तक्ता पहिला आहे. याच्यानंतर दर बदलला. शिल्लक चौदा लाख पंच्याहत्तर हजार आहे. आणि हप्ते एकशेपंचेचाळीस."

"हप्ता तर तोच आहे."

"हप्ता तोच ठेवला, म्हणून मुदत वाढली. संदेशात होतं तसं."

हेमांगीने फोन मागे मागे नेत तो संदेश शोधला. धनसिंगांनी वाचलेल्या वाक्यापुढे आणखी एक वाक्य होते: "परतफेडीच्या मुदतीत त्यानुसार वाढ होईल." मित्रांनो, माणसे कागदच दुमडतात असे नाही.

दीपमालाबाई हळू म्हणाल्या, "सव्वा टक्का हप्त्यावर नव्हता ना, मॅडम? सगळ्या शिल्लकीवर होता."

"हो काकू. तेव्हा शिल्लक साडेसोळा लाखांच्या वर होती. महिन्याला सतराशे रुपये व्याज वाढलं. ते तुमच्या मुद्दलाच्या वाट्यातून गेलं."

आता मला माझ्याबद्दल बोलले पाहिजे. ऐंशी ओळींपर्यंत मी खरा होतो. त्यानंतरच्या माझ्या एकशेसाठ ओळी जुन्या झाल्या होत्या, आणि मला ते माहीत नव्हते. धनसिंग रोज ज्या शेवटच्या ओळीकडे पाहून उभे राहत, ती आता शेवटची नव्हती. तिच्यापुढे पंचवीस महिने न छापलेले होते. पहिले दोन सोडले तर सगळे निवृत्तीनंतरचे. आठ लाखांची सही झाली असती तर आणखी किती वाढले असते, ते मॅडमनी सांगायला सुरुवात केली, पण धनसिंगांनी हात वर केला.

"थांबा. आधी हे सांगा, घर आम्हाला कितीला पडतं? बहिणीनं विचारलंय."

मॅडमनी हिशोब केला. दोनशे पासष्ट हप्ते, सेहेचाळीस लाख. वर आधीचे पाच.

"एक्कावन्न लाख," हेमांगी म्हणाली.

पंखा माझे पाचवे पान उडवत होता, त्यावर दीपमालाबाईंनी पर्स ठेवली.

"आणि शेवटचा हप्ता पुन्हा ऑगस्ट पस्तीसमध्ये आणायचा असेल तर?" धनसिंगांनी विचारले.

"महिन्याला दोन हजार वाढवा. त्याला वेगळी फी नाही. एकूण दोन लाखांच्या आसपास वाचतील."

"खोलीसाठी महिन्याला आठ हजार वाढवायला निघालो होतो," दीपमालाबाई म्हणाल्या.

धनसिंगांनी मुलीकडे पाहिले. खोली तिची होती. हेमांगीने खांदे उडवले. "गच्चीवर पत्रे टाका. थंडीत तिथंच बसेन. उन्हाळ्यात तुमची खोली माझी, तुम्ही दोघं हॉलमध्ये."

"हाई तं आठ लाखपेक्षा महाग पडनं," धनसिंग म्हणाले, आणि हप्ता वाढवण्याच्या अर्जावर सही केली.

आता

मित्रांनो, मला आता कुणी खूण करत नाही. माझी आठही पाने फळीवर आहेत, पूर्ण उलगडलेली. वर हळद, धणे, तिखट. माझी काही तक्रार नाही. तुमच्या घरच्या मोठ्यांनी असा तक्ता जपून ठेवला असेल, तर एखाद्या संध्याकाळी तो मागून घ्या आणि जमिनीवर पसरा. दर बदलला असेल तर बँकेकडून नवा मागा. मला पुजू नका, मला वाचा. आणि बेबाबाईंचा प्रश्न विचारा. विचारायला शाळेची कोणतीही इयत्ता लागत नाही. बेबाबाई चौथीपर्यंत शिकल्या आहेत.

माझ्या जागी आता नवा तक्ता लागला आहे. एकशेवीस ओळींचा, माझ्याइतकाच रुंद. त्यामुळे कपाटाचे दार नीट बंद होत नाही. फटीतून कागदाची उजवी कड बोटभर बाहेर राहते. येता-जाता सगळ्यांच्या खांद्याला लागते. दार दोनदा उघडून लावावे लागते.

ती कड कुणी दुमडत नाही.