कच्चा अननस

तिने चिमट्याने बरगड्यांचा पट्टा उचलला आणि चिमट्यात नुसती हाडंच आली. मांस जाळीवर राहिलं, मग जाळीच्या फटींतून घसरून निखाऱ्यांत पडलं. चर्र झालं आणि दुकानामागच्या अंगणात साखर करपल्याचा वास पसरला.

"अहो वहिनी, हे काय झालं?" पुढची टेबलं पुसत असलेला दीर फडकं घेऊनच धावत आला.

"थांबा जरा." तिने दुसरा पट्टा उचलून पाहिला. तोही तसाच. तिसऱ्याला तिने चिमटा लावलाच नाही, खाली उलथणं सरकवून तो अलगद वाडग्यात काढून घेतला.

नवरा गेल्यापासून थंड पडलेली शेगडी आज पहिल्यांदा पेटली होती. संध्याकाळी जुनी गिऱ्हाइकं यायची होती. जागा दोघा भावांची, आणि दिराला ती एका चपलांच्या दुकानदाराला द्यायची होती. दीर काही वाईट माणूस नव्हता, पण बंद शटरकडे बघत तो तरी किती बसणार? "एक शनिवार करून बघा, वहिनी," तो म्हणाला होता. "लोकांना दादाची चव मिळाली तर जागा तुमची, मी पुन्हा तोंड उघडणार नाही. नाही जमलं तर मात्र हट्ट सोडायचा." ती लगेच हो म्हणाली होती. घरात नवऱ्याचं आता काहीच उरलं नव्हतं, उरला होता तो औषधांचा वास. इथे मात्र भिंतीवरच्या धुरात, चिमट्याच्या झिजलेल्या मुठीत तो अजून होता. हेही गेलं तर तो दुसऱ्यांदा जाणार होता, एवढं साधं गणित होतं तिचं.

दिराने बोटाने मांस दाबून पाहिलं. "लोणी झालंय नुसतं! खाटकाने फसवलं वाटतं. बघतोच त्याला."

"त्या बिचाऱ्याला कशाला? मीच कच्चा अननस लावला. रात्रभर."

"कच्चा?"

ज्याने आयुष्यात कधी शेगडी पेटवली नाही, त्या दिरालाही हे पाठ होतं. अननस आधी उकळायचा, मगच मांसाला लावायचा. कच्चा लावला तर तो मांसालाच खातो, दादाच्या तोंडी सदा हेच असायचं. बरगडी दातांनी ओढून खाता आली पाहिजे. हाडावरून मांस आपण होऊन गळून पडलं, तर त्यात आपली काय कर्तबगारी? असं म्हणून तो पाहुण्यांनाही भंडावून सोडायचा.

"अहो, दादाने इतकं ओरडून ओरडून सांगितलेलं..." दीर म्हणाला आणि मध्येच थांबला.

"त्यांच्यासाठीच शिकले मी ते," ती म्हणाली.

जबड्याचं ऑपरेशन झालं, दात गेले आणि नवऱ्याच्या नशिबी दूध आणि सूप आलं. दुसऱ्यांना जन्मभर खाऊ घातलेला माणूस, वाटीकडे बघून तोंड फिरवायचा. मग एका शनिवारी तिने त्याच्या पाठीमागे कच्चा अननस किसला आणि रात्रभर बरगड्यांना लावून ठेवला. सकाळी मंद आचेवर भाजून, वर आंब्याचा सॉस घालून वाडगा त्याच्या पुढ्यात ठेवला. त्याने घास जिभेने टाळूवर दाबला. दाबला आणि डोळे वटारून तिच्याकडे बघितलं.

"कच्चा?" त्याने जड जिभेने विचारलं.

"हो."

"चोर कुठली! माझ्याच शेगडीवर माझ्याशी दगाबाजी!"

आणि वाडगा चाटूनपुसून साफ केला. त्यानंतर शेवटपर्यंत दर शनिवारी हेच.

दिराच्या हातातलं फडकं तसंच राहिलं. "म्हणजे मी शनिवारी जेवायला यायचो तेव्हा..."

"हेच असायचं."

"आणि मी गाढव चेष्टा करायचो, वहिनी, इतकं मऊ खायला दात पडल्यावर येतो म्हणून. दादाच्या समोर! तो नुसता हसायचा हो." दिराने तोंड फिरवलं.

"त्यांना आवडायची तुमची चेष्टा."

"पण काल कसं काय..."

"सवयीने हात गेला हो. अननस सोलला, किसला, लावला. उकळायचं मनातसुद्धा आलं नाही. काल मला वाटलंच नाही की ते..." तिने पदर तोंडाशी धरला आणि शेगडीकडे पाठ करून ती रडली, पोटातून, आवाज दाबून.

दिराने फडकं खांद्यावर टाकलं. मग त्याने पिशवी उचलली.

"खाटकाकडे जाऊन दुसऱ्या बरगड्या आणतो. संध्याकाळपर्यंत होतील ना?"

"मंद आचेवर होतील."

तो परत आला तेव्हा ती गॅसपुढे उभी होती. पातेल्यात अननस, आंबा, साखर, आलं, मिरची, व्हिनेगर, सगळं घालून झालं होतं. लायटरही हातात होता. गॅस तेवढा पेटलेला नव्हता. एकदा उकळी आली की अननसाचं ते मऊ करणं संपणार होतं, आणि ज्याला दात नाहीत त्याला या बरगड्या खाता येणार नव्हत्या.

"लावू का मी?" दिराने हळूच विचारलं.

"नको. मी लावते."

तिने लावला. सॉसला उकळी फुटेपर्यंत ती तिथून हलली नाही.

संध्याकाळी सगळी टेबलं भरली. कोपऱ्यातल्या नेहमीच्या जागेवर निवृत्त बस ड्रायव्हर बसला होता. त्याने बरगडी दोन्ही हातांत धरली, मांस दातांनी ओढलं आणि मिशीला सॉस लावून घेत ओरडला, "अरे वा! अगदी त्याच्या हातचं! आत बसलाय की काय तो?"

सगळे हसले. ती पण हसली. दीर चपलांच्या दुकानदाराला नको म्हणून कळवायला फोन घेऊन बाहेर गेला.

गर्दी जरा ओसरल्यावर ती मागच्या अंगणात आली. सकाळचा वाडगा झाकून ठेवलेला होता. पायरीवर बसून तिने झाकण काढलं आणि चमच्याने एक घास तोंडात घातला. तिचे सगळे दात शाबूत होते. तरी ती एकेक घास जिभेने टाळूवर दाबत, सावकाश खात राहिली.