कानातला वाटाणा

निर्माता एव्हरार्दोने परवा माझ्यासाठी स्वतःच्या हाताने मक्याच्या पिठाचे गरम तमालेस आणले आणि मी ओळखलं, आपलं काही खरं नाही. मेक्सिकोतल्या मालिकांमध्ये मी उभी हयात काढली आहे. इथे आजी आधी खोकायला लागते, मग सगळे तिच्याशी गोड वागतात आणि मग ती मरते. सोमवारपासून मालिकेत मी खोकत होते.

या मालिकेत मी नायकाची, म्हणजे लिसांद्रोची आई. तो माझ्याहून जेमतेम चार वर्षांनी लहान. त्याच्या वाट्याला अजून प्रेयसी येते, माझ्या वाट्याला शाल आणि जपमाळ.

आमच्याकडे संवाद पाठ करत नाहीत. कानात वाटाण्याएवढं यंत्र घालायचं. पडद्यामागून नासारिओ सगळ्यांची वाक्यं सांगत जातो, आपलं आलं की बोलायचं. त्यामुळे कोण जगणार, कोण मरणार, हे आधी त्याला कळतं. मी त्याला जिन्यात गाठलं.

"खरं सांग, मारताय ना मला?"

"नाही हो, दोन्या फिदेलिया. आईशप्पथ." दोन्या म्हणजे आमच्याकडे बाईसाहेब.

"मग माझ्याकडे बघत का नाहीस?"

"कॉफी सांडेल म्हणून."

लबाड मेला. या वयात एकदा घरी बसलं की पुन्हा कोणी बोलवत नाही, याची मला धास्ती होती. पण मरताना निदान पोटभर बोलायला तरी देतात, अशी मी मनाची समजूत घातली होती.

त्याच दुपारी मला पलंगावर निजवलं. लिसांद्रो हात धरून रडला. मग नासारिओने कानात डॉक्टरचं वाक्य सांगितलं, "जीव वाचलाय, पण आता त्या कधीच बोलू शकणार नाहीत."

मी माझ्या वाक्याची वाट पाहिली. ते आलंच नाही. बऱ्याच वेळाने नासारिओ हळूच म्हणाला, "दोन्या, तुम्ही नुसत्या पडून राहा."

एव्हरार्दो कॅमेऱ्यामागून हसत होता. "शेवटच्या भागापर्यंत काम पक्कं बरं का तुमचं!"

माझं डोकं फिरलं. वाटाणा उपटून मी उठून बसले आणि लिसांद्रोला म्हणाले, "मी मेलेली नाही. मला अजून खूप बोलायचंय."

सगळे थांबले. कोणी रागावलं नाही. एव्हरार्दोने माझी उशी सारखी केली, पुन्हा घेऊ म्हणाला, आणि मेकअपच्या मुलीला सांगून माझ्या तोंडावर ऑक्सिजनचा मास्क बसवला.