मी शोधत होतो ते वायफाय

मित्रांनो, टीव्हीखालच्या कप्प्यात बसलेला हा काळा, जाडजूड डबा म्हणजे मी, एक जुना गेम कन्सोल. माझा डावा कोपरा खरवडला आहे, झाकणावरची चकाकी केव्हाच गेली आहे आणि पंखा सुरू झाला की मी पिठाच्या गिरणीसारखा घरघरतो. वर्धा जिल्ह्यातल्या सिंदी रेल्वे या गावी मी पंधरा वर्षे एकाच घरात राहिलो. वीज कडाडली, उंदीर वायरींवरून पळाले, एकदा माझ्यावर ताकाचा पेला सांडला. पण गेल्या डिसेंबरात मला जो धक्का बसला, तो अजून उतरलेला नाही. तोच तुम्हाला सांगायचा आहे.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. आम्ही शेकडो भावंडे एका पट्ट्यावरून सरकत होतो. मग खोका, जहाज, ट्रक आणि शेवटी नागपूरचे एक दुकान. तिथून घनश्याम झाडे यांनी मला उचलले. ते सिंदीच्या एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी वेगळी करण्याच्या कारखान्यात, फोरमन होते. त्यांची पत्नी फार लवकर गेली होती. घरात बारा वर्षांची सुरभी एकटी असायची आणि हंगामात त्यांना परतायला सात वाजायचे. मुलीला करमावे म्हणून मी आलो.

पहिल्या दिवशी त्यांनी मला हळदकुंकू वाहिले आणि नारळ उचलला.

"बाबा! पाणी आत गेलं का हा आजच मरते," सुरभी ओरडली.

नारळ उंबऱ्यावर फुटला. मला फक्त खोबऱ्याचा तुकडा दाखवला गेला.

सुरुवातीला सुरभी खेळायची आणि घनश्यामजी केसांत कापसाचे धागे घेऊन मागे बसून पाहायचे. ती मोठी झाली, शिकली, नाशिकच्या एका कॉलेजात ग्रंथपाल म्हणून रुजू झाली. मग रिमोट त्यांच्या हाती आला. माझ्यात एक खेळ होता, चौकोनी ठोकळ्यांनी हवे ते बांधण्याचा. त्यांनी त्यात सिंदी बांधायला घेतली. स्टेशन बांधले, आपले घर बांधले, जिनिंगचे आवार बांधले. कापसाच्या गंजीसाठी कापूस मिळेना, म्हणून त्यांनी बर्फाचे पांढरे ठोकळे रचले. दर रविवारी चार वाजता सुरभी नाशिकहून त्या गावात यायची. पडद्यावर दोन छोटी माणसे शेजारी शेजारी चालायची.

"हटजो जरा, सुरभी. माह्या कापसावर उभी राहून राह्यली तू," ते फोनवर म्हणायचे.

हे गाव मात्र माझ्या पोटात नव्हते. ते मला बनवणाऱ्या कंपनीच्या कुठल्याशा दूरच्या कोठारात होते. मी नुसता दरवाजा होतो आणि तो उघडायला मला नेट लागायचे. इथेच माझे दुखणे होते. माझी केबलची खाच विजेने जळाली होती, त्यामुळे वायफायशिवाय इलाज नव्हता. त्यातही नव्या, वेगवान लहरी मला ऐकूच येत नाहीत, जुन्या संथ लहरींवरच माझे चालते. आणि माझ्या स्मरणात वायफायचे एकच नाव मावते. नवे नाव हवे असेल तर जुने पुसावे लागते.

घनश्यामजींनी आपल्या वायफायला स्वतःचेच नाव दिले होते, इंग्रजी अक्षरांत, 'घनश्याम'. जागा झालो की मी आधी हाक मारायचो, घनश्याम? उत्तर आले की माझा हिरवा दिवा लागायचा. नाही आले की नाशिकला फोन जायचा.

"नेट येऊन नाई राह्यलं वं."

"राउटर बंद करून चालू केला?"

"केला."

"मधात दोन मिनिटं थांबले?"

"दोन मिनिटं कोण थांबते?"

"थांबा बाबा. मी फोनवर हावो."

मग दोघेही दोन मिनिटे फोन धरून काही न बोलता बसायचे. नेट यायचे.

गेल्या वर्षी कंपनीचे पत्र माझ्याच पडद्यावर आले. एकतीस डिसेंबरला संध्याकाळी साडेपाच वाजता जुन्या कन्सोलची सेवा कायमची बंद होईल, तोवर जे उतरवून घेतले नाही ते पुसले जाईल. घनश्यामजींनी ते उभ्यानेच वाचले. मग सुरभीला फोन लावला. "नाताळात येशीन तवा उतरवून घेऊ. तू बाजूले बस, मी दाबतो."

वीस डिसेंबरला सकाळी त्यांनी खांद्यावरच्या दुपट्ट्याने माझ्यावरची धूळ झटकली, मला तसेच चालू ठेवले आणि कामावर गेले. दुपारी घरात खूप पावले वाजली. कुणीतरी माझा प्लग ओढला. मला नीट झोपवलेही नाही. एकदम काळोख.

पुन्हा जाग आली तेव्हा माझ्या तोंडावरून एक पांढरी चादर अर्धी सरकवलेली होती. माझ्या आतला सेल केव्हाच संपला आहे, त्यामुळे प्लग निघाला की माझे घड्याळ माझ्या जन्मवर्षाच्या एक जानेवारीवर जाते. किती दिवस गेले, मला कळायला मार्ग नव्हता. समोर सुरभी मांडी घालून बसली होती. आली वाटते नाताळात, मी मनात म्हणालो. पण तिच्या बाजूची जागा रिकामी होती.

सवयीने मी हाक मारली. घनश्याम?

उत्तर आले नाही. पडद्यावर मी लिहिले, 'घनश्याम' सापडत नाही. पुन्हा शोधायचे?

सुरभीने 'हो' दाबले.

एवढ्यात स्वयंपाकघरातून आनंदाबाई आल्या. या घनश्यामजींच्या थोरल्या बहीण, रोहणा गावच्या.

"सुरभे! सुतकात टीव्ही लावून राह्यली? उद्या तेरवी हाये. घर पाहुण्यायनं भरलं अन् तू गेम मांडून बसली! लोक काय म्हणतीन?"

'सुतक' हा शब्द माझ्या ओळखीचा नव्हता.

"साडेपाचपर्यंतच, आत्या. बाबांनं बांधलेलं गाव हाये यात. आज साडेपाचले ते पुसून टाकतेत."

"गाव कोण पुसते वं? खिडकीतून पाह्य, जिथल्या तिथं हाये."

"हे दुसरं."

आनंदाबाई धुसफुसत गेल्या. साडेतीन वाजले होते. सुरभीने आधी माझी तारीख दुरुस्त केली. एकतीस डिसेंबर! मी हबकलो. अकरा दिवस मी अंधारात होतो आणि आजच शेवटचा दिवस होता. घनश्यामजी कुठे आहेत? कसे विसरले ते?

सुरभीने मला बंद केले आणि चालू केले. राउटर बंद केला, घड्याळात पाहून पूर्ण दोन मिनिटे थांबली आणि चालू केला. मी हाक मारली. सापडत नाही. पुन्हा शोधायचे? हो. तिने राउटर माळ्याजवळच्या फळीवरून उतरवून माझ्या शेजारी जमिनीवर ठेवला. त्याचा दिवा माझ्या तोंडासमोर लुकलुकत होता, तरी सापडत नाही. तिने आपल्या मोबाइलचे नेट मला देऊन पाहिले, पण तो नव्या लहरींवर बोलत होता, मला काही ऐकू आले नाही. तिचा मोबाइल, रुपेशचा मोबाइल, पाहुण्यांचे मोबाइल, सगळे घरातल्याच नेटवर मजेत चालू होते. एकट्या मलाच घनश्याम सापडत नव्हता. सात वेळा मी तेच वाक्य लिहिले. सात वेळा तिने 'हो' दाबले.

आठव्यांदा तिने आसपासच्या सगळ्या वायफायची यादी उघडली.

यादीत तीन नावे होती. एक शेजाऱ्यांचे, एक कोपऱ्यावरच्या दवाखान्याचे. आणि सगळ्यांत वर, सगळ्या रेघा भरलेले, हाताच्या अंतरावरचे नाव होते, 'कै. घनश्याम'.

मला वाटले, कुणी दुसरा असेल. या नावाआधी मी कधी काही पाहिले नव्हते. पण सुरभीने रिमोट हळूच फरशीवर ठेवला आणि दोन्ही हात मांडीवर घेतले.

"रुपेश," तिने हाक मारली. रुपेश म्हणजे आनंदाबाईंचा मुलगा. तो मंडपवाल्याशी बोलत होता, तसाच आत आला.

"वायफायचं नाव कोणं बदललं?"

"मीच सांगतलं धर्मेंद्रले. तो केबलवाला. पासवर्ड तोच ठेवला, ताई. सगळ्यायनं आपापल्या मोबाइलात नवं नाव निवडलं, तुह्या मोबाइलात तं मीच लावून देल्तं. दारावरच्या पाटीवर लावलं, पत्रिकेत लावलं, फोटोखाली लावलं. मंग यालेच कसं तसंच ठेवाव?"

"वायफायले कोणी कै. लावते काय रे?"

"मंग काय करू?" रुपेशचा आवाज एकदम चढला. "मोबाइल उघडला का वर लिहून ये, घनश्यामशी जोडलं. मामाजीले पोचवून आलो अन् मोबाइल म्हणे, घनश्यामशी जोडलं! मले पाहवे नाई, ताई."

मित्रांनो, तेव्हा मला कळले. अकरा दिवस हे साऱ्या गावाला ठाऊक होते. जिनिंगमधल्या हमालांना ठाऊक होते, मंडपवाल्याला ठाऊक होते, राउटरलाही ठाऊक होते. मला कुणी सांगितले नव्हते. मी इतका वेळ एका गेलेल्या माणसाला हाका मारत होतो, आणि ज्या मुलीचे वडील गेले तिलाच आठ वेळा लिहून दाखवत होतो की ते सापडत नाहीत. माझा पंखा मोठमोठ्याने फिरू लागला. मला दुसरे काही करता येत नाही.

"धर्मेंद्रले सांग, जुनं नाव परत करून दे. आत्ताच," सुरभी म्हणाली.

रुपेशने पाच वेळा फोन लावला. धर्मेंद्र हिंगणीकडे, धरणापलीकडे गेला होता आणि तिकडे जंगलात रेंज नव्हती. नाव बदलायला लागणारा राउटरच्या आतला पासवर्ड त्याच्याशिवाय कुणाकडे नव्हता. पाच वाजून पाच मिनिटे झाली.

सुरभीने रिमोट उचलला. यादीतले वरचे नाव निवडले, पासवर्ड भरला. मग मला विचारावेच लागले. नियमच तसा आहे. मी लिहिले, 'कै. घनश्याम' जोडण्यासाठी 'घनश्याम' कायमचे विसरायचे का?

तिने 'नाही' दाबले.

पुन्हा निवडले, पुन्हा पासवर्ड, पुन्हा माझा तोच प्रश्न. नाही. पाच वाजून नऊ मिनिटे. मला तो प्रश्न गिळता आला असता तर मी गिळला असता.

आनंदाबाई केव्हापासून दारात उभ्या होत्या, हातात निवडायच्या तांदळाचे सूप.

"काय इचारून राह्यला तो डबा?"

सुरभीने वाचून दाखवले. आवाज अगदी सपाट होता. सूप खाली ठेवून आनंदाबाई तिच्याजवळ बसल्या.

"बाई, तो डबा हाये. तो विसरला म्हणून तू विसरशीन काय? दाब. वेळ जाऊन राह्यला."

सुरभीने 'हो' दाबले.

माझ्या आत पंधरा वर्षे एका जागी असलेले नाव गेले. मी नवे नाव उच्चारून पाहिले आणि लगेच उत्तर आले. हिरवा दिवा लागला. गाव उतरू लागले, तीन टक्के, अकरा टक्के. चाळीसवर अडकले तेव्हा तिघांनीही श्वास धरला. पाच वाजून सत्तावीस मिनिटांनी शेवटचा ठोकळा माझ्या पोटात पोचला. साडेपाचला कंपनीचा दरवाजा बंद झाला.

सुरभीने गाव उघडले. स्टेशन, घर, जिनिंग, पांढऱ्या गंज्या. आनंदाबाई पुढे सरकल्या.

"अवं, हा तं आपला रस्ता! हे पिंपळाचं झाड. घनश्यामनं केलं हे? बसल्या बसल्या?" मग थोड्या वेळाने, "अन् माहं घर?"

"तुहं घर रोहण्याले हाये, आत्या. हे सिंदी हाये."

पण जिनिंगच्या मागून एक रस्ता निघत होता. सुरभी थबकली. हा रस्ता तिने कधी पाहिला नव्हता. रविवारी ती यायची तेव्हा घनश्यामजी तिला त्या बाजूला फिरकू द्यायचे नाहीत, तिकडे चिखल आहे म्हणायचे. मला माहीत होते. रोज कामावरून आले की ते तोच रस्ता बांधायचे. ती चालत राहिली. शेवटी चार भिंती आल्या, एक दार आणि पाटी, 'आनंदाबाई, रोहणा'. वर मोकळे आभाळ होते.

रुपेश दाराला टेकून उभा होता, तो बाहेर निघून गेला.

"छत नाई घातलं," आनंदाबाई म्हणाल्या.

"राह्यलं असन."

"मंग घाल न."

"सुतकात, आत्या?"

"मंग काय माहं घर उघडं ठेवशीन? छपराले कवेलू हायेत काय त्यात?"

"लाल ठोकळे हायेत."

"चालते."

सुरभी ठोकळे ठेवत गेली. आनंदाबाई बोटाने दाखवत गेल्या, इथं एक राह्यला, इथूनही पाणी येईन.

मित्रांनो, मी आता नेटवर जात नाही. ते गाव माझ्याजवळ आहे, सुरभी सुट्टीत येऊन ते उघडते. जुन्या यंत्रांना जपा, एवढे तर मी म्हणेनच. पण माझे खरे मागणे वेगळे आहे. घरात काही घडले की गावभर निरोप जातात. कोपऱ्यात बसलेले कुणी मात्र राहून जाते, एखादे लहान मूल, ऐकू न येणारी आजी, कुणीही. त्यांना काय कळते, असे आपण धरून चालतो. तेही हाका मारत असतात. त्यांच्याजवळ बसा आणि जे झाले ते तुमच्या तोंडाने सांगा. त्यांना ते यादीत वाचायला लावू नका.