खाप्याच्या खदानीतली अकरा मिनिटं

कृष्णकांत काकांनी एकतीस वर्षं दारूगोळ्याच्या कारखान्यात काढली होती. तिथे त्यांचं काम एकच होतं. कुठलीही वस्तू वेळेआधी फुटू नये हे बघायचं. म्हणून ते निवृत्त झाल्यावर एका इंजिनिअरिंग कॉलेजातल्या हर्षा मॅडम त्यांच्या मानेवाड्याच्या घरी आल्या आणि म्हणाल्या, "मला असं इंजिन बनवायचं आहे, ज्यात स्फोट थांबतच नाही," तेव्हा काकांनी त्यांना तेच पुन्हा एकदा सांगायला लावलं.

स्वयंपाकघरातून काकांच्या बायकोचा, यमुताईंचा आवाज आला. "आता आणिक फटाके काहून? घरी बसा ना."

हर्षाने पिशवीतून वही काढली आणि एकात एक अशी दोन वर्तुळं काढली. "ही दोन नळकांडी. यांच्यामध्ये ही फट. खालून हायड्रोजन आणि हवा सोडायची. शेगडीवर गॅस जळतो तसा तो संथ जळू द्यायचा नाही. एकदाच धडाका करायचा. त्या धडाक्याची लाट फटीतून गोल फिरते. तिची एक फेरी होईपर्यंत खालून ताजा गॅस आलेला असतो. ती तोही पेटवते आणि पुढे जाते."

"किती फेऱ्या?"

"सेकंदाला पाच हजार."

काकांनी वही स्वतःकडे ओढली. "अन् फायदा काय?"

"तेवढ्याच इंधनात जास्त जोर. रॉकेटला, पुढे विमानालाही. जगात बरेच जण याच्या मागे आहेत. जपानने तर अवकाशात नेऊन चालवून बघितलंय. माझी लाट मात्र दोन-तीन फेऱ्यांत विझते."

"मंग फट बराबर नसन," काका म्हणाले. "कोणी कापली हे? सगळीकडे सारखी हाये का?"

त्या दिवशी चहा दोनदा झाला. पुढची दोन वर्षं काका रोज सकाळी डबा घेऊन कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये जात राहिले. लेथवर त्यांनी सहा नळकांडी कातली. पाच स्वतःच नापास केली.

चाचणीसाठी कॉलेजने खापा गावाच्या पुढे खडी काढायची एक बंद पडलेली गिट्टी खदान घेतली होती. खदानीच्या तळाशी टिनाचं शेड उभारून त्यात इंजिन बसवलं आणि साठ मीटरवर, मातीच्या बांधाआड, जाड भिंतींची एक खोली बांधली. चाचणीच्या वेळी सगळ्यांनी त्या खोलीत बसायचं, आणि काका सांगतील तेव्हाच बाहेर पडायचं. हा नियम काकांनीच घातला होता. हर्षाला तो कधीकधी जाचायचा. चाचणी झाली की तिला पळत जाऊन इंजिन बघायचं असे, आणि काका घड्याळ काढून अर्धा तास बसवून ठेवत.

ऑक्टोबरातल्या एका मंगळवारी, सकाळी अकराच्या सुमारास, सहावं नळकांडं लावून पहिली चाचणी होती. खोलीत तिघंच होते. हर्षा, काका आणि कॉम्प्युटरपाशी अस्मिता. अस्मिता हर्षाच्या हाताखाली पीएचडी करत होती. तिने उलटे आकडे मोजले आणि हायड्रोजनचा व्हॉल्व्ह उघडला. नेमक्या त्याच क्षणी डोक्यावरचा पंखा मंदावला.

"लाइन गेली," काका म्हणाले.

कॉम्प्युटर आणि कॅमेरा बॅटरीवर होते, ते चालू राहिले. लाइन गेली की व्हॉल्व्ह आपोआप मिटला पाहिजे, अशी व्यवस्था होती. पण पडद्यावर सिलिंडरचा दाब उतरतच होता.

"मॅडम, व्हॉल्व्ह अडकलाय," अस्मिता म्हणाली. "गॅस जातोय. हवा बंद झालीये, हायड्रोजन चालूच आहे."

हायड्रोजन हलका. तो शेडच्या छपराखाली जमा होत होता. हर्षा उठली. "मी हाताने बंद करून येते. आत्ता लाइन नाही, म्हणजे ठिणगी पडायची नाही. जायचं तर आत्ताच."

काका दाराशी उभे होते. "बसा मॅडम."

"काका, एका मिनिटाचं काम आहे. ठिणगीच्या पेटीचा स्विच शेडमध्येच आहे, तो इथून बंद होत नाही. तो चालूच राहिलाय. लाइन आली तर सगळं उडेल."

"उडू द्या."

"दोन वर्षांचं काम आहे ते."

"मले माहीत हाये. ह्याच हातानं केलं मी."

हर्षा त्यांच्या बाजूने निघू लागली. काकांनी तिचं मनगट धरलं. इतक्या दिवसांत त्यांनी कधी तिच्या हातातून पाना घेतानाही बोटाला स्पर्श होऊ दिला नव्हता. आता पकड अशी होती, की तिला हात हलवता येईना.

"लाइन कधी येते, तुले माहीत हाये का?" त्यांनी विचारलं. "सांग मले. मंग जा."

हर्षाने मोबाइल काढून बघितला. खदानीत नेटवर्क नव्हतं, लाइन सोडू नका म्हणून कोणाला सांगणार?

"जाऊ नको वं पोरी," काका म्हणाले. त्यांचा आवाज एकदम खाली आला होता.

ती येऊन खुर्चीवर बसली, पण तिला राग आला होता आणि तो तिने लपवला नाही. पडद्यावर शेड नेहमीसारखं दिसत होतं. ऊन, टिनाचं छप्पर, व्हॉल्व्हचा लाल दांडा. काही होत नव्हतं. दर मिनिटाला तिला वाटत होतं, एव्हाना मी जाऊन परतसुद्धा आले असते. पाच मिनिटं गेली, सात गेली. अस्मिता अधूनमधून दाब वाचून दाखवत होती. दहाव्या मिनिटाला हर्षा म्हणाली, "काका, आता तरी—"

"नाही."

अकराव्या मिनिटाला पंखा हलला.

त्याची पाती एक फेरीही घेतात न घेतात, तोच खदान हादरली. आवाज कानांनी ऐकला की छातीने, हे कोणालाच सांगता आलं नसतं. पडदा काळा झाला. छताचा चुना खाली सांडला आणि बाहेर बराच वेळ पत्रे पडत राहिले, एकामागून एक.

मग सगळं शांत झालं.

"अस्मिता?" काकांनी हाक मारली.

"आहे मी, काका."

"मॅडम?"

हर्षाने मान हलवली. काकांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि तिथेच जमिनीवर बसले.

नियमाप्रमाणे अर्धा तास कोणी बाहेर पडलं नाही. हर्षा आधी रडली. मग अस्मिताच्या केसांतला चुना झटकता झटकता दोघींना हसू येऊ लागलं, आणि ते आवरेना. काका हसले नाहीत. ते आपणहून बोलू लागले.

"आमच्या सेक्शनमध्ये जयवंता होता. एक दिवस फ्यूजची वात पेटली नाही, म्हणून बघायले निघाला. मी त्याले हाक मारली होती. हात नाही धरला." मग म्हणाले, "थोडं पाणी द्या."

शेडचं छप्पर राहिलं नव्हतं. व्हॉल्व्हचा दांडा काटकोनात वाकला होता आणि त्याच्यासमोर, माणूस उभा राहील अशा जागी, एक पत्रा जमिनीत रुतून उभा होता. हर्षा त्या पत्र्याकडे बघत उभी राहिली. इंजिन मात्र आपल्या चौकटीत घट्ट होतं. एका बाजूला ओरखडे, बाकी काही नाही. व्हॉल्व्ह उघडल्यावर त्यात पाइपाच्या जोडावर गुंडाळायच्या पांढऱ्या टेपचा नखाएवढा तुकडा अडकलेला सापडला.

दुसऱ्या दिवशी हर्षाने अहवाल लिहिला. ठिणगीचा स्विच शेडमध्ये ठेवणं ही माझी चूक, असं पहिल्याच ओळीत लिहिलं. आता प्रकल्प बंद होणार अशी मनाची तयारी करून ती विभागप्रमुख शरच्चंद्र सरांसमोर बसली. सरांनी दोन्ही पानं वाचली.

"कोणाला लागलं?"

"नाही सर. काकांनी मला जाऊ दिलं नाही."

सरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "मग शेड पुन्हा बांधा," ते म्हणाले. "आणि मला न दाखवता एकही तार जोडू नका."

नव्या शेडला छप्परच ठेवलं नाही. हायड्रोजनला एकापाठोपाठ एक दोन व्हॉल्व्ह बसवले. ठिणगीची पेटी बॅटरीवर आणली, तिचा स्विच खोलीत घेतला आणि त्याची किल्ली काकांच्या शर्टाच्या खिशात गेली.

जानेवारीत पुन्हा तिघं त्याच खोलीत बसले. बाहेर थंडी होती, पण काकांनी स्वेटर काढून ठेवला होता. त्यांनी किल्ली फिरवली. अस्मिताचे आकडे संपले. हर्षाने डोळे मिटून घेतले.

या वेळी धडाका झाला नाही. एक बारीक, धारदार किंचाळी उठली, ठरवलेला पाऊण सेकंद टिकली आणि कापल्यासारखी थांबली.

"व्हॉल्व्ह?" काकांनी विचारलं.

"दोन्ही बंद. दाब उतरायचा थांबलाय." अस्मिता आलेखावर वाकली. तिने तो मोठा केला, पुन्हा लहान केला. "मॅडम, एकच लाट आहे. शेवटपर्यंत विझली नाही. सेकंदाला एक्कावन्नशे फेऱ्या."

हर्षाने स्वतः आलेख बघितला. सारख्या अंतरावरची टोकं, एकामागून एक, पडद्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत. तिने खुर्ची मागे सरकवली आणि कितीतरी महिन्यांनी पाठ टेकून बसली. काकांनी किल्ली काढून टेबलावर ठेवली आणि रुमालाने तोंड, मान, हात असं सगळं सावकाश पुसलं.

खाप्याजवळ नेटवर्क आल्यावर गाडीतूनच काकांनी घरी फोन लावला.

"झालं वं," ते म्हणाले.

पलीकडून यमुताईंचा आवाज गाडीतल्या सगळ्यांना ऐकू आला. "हातपाय?"

"सगळे जागेवर हायेत. जेवायले येऊन राहिलो."

सावनेर मागे पडलं तेव्हा अस्मिता म्हणाली, कुठेतरी चहा घेऊ. हर्षाने मागे वळून बघितलं. काका खिडकीला डोकं टेकून गाढ झोपले होते, तोंड किंचित उघडं.

"नको," ती म्हणाली. "झोपू दे त्यांना."